गोऱ्याच्या पारीवर पहारा बदलला

अंकुश त्या रात्री घरी निघाला तो डिझेलची कॅन आणायला. बस, एवढंच काम. सानगडीच्या मंडईत, म्हणजे दिवाळीनंतरच्या जत्रेत, नाटक ऐन रंगात आलेलं, आणि दुसरा अंक संपता संपता जनरेटरवाल्यानं येऊन कानात सांगितलं की तेल शेवटच्या अंकाला पुरणार नाही. अंकुशच्या घरी धानाला पाणी देणाऱ्या इंजिनासाठी कॅन भरून ठेवलेली होती. घर दोन कोसांवर, केसलटोल्याच्या वस्तीत. नाटक मंडळाचा मुख्य म्हणजे त्याचा मोठा भाऊ चंद्रभान. तो म्हणाला, "जाय अन् झटकन ये. तुया प्रवेश अजून लांब हाये."

तुम्ही पोट्टे हल्ली मोबाइलवर भुतं पाहता, म्हणून आधीच सांगून ठेवतो. यात पांढरं लुगडं नाही आणि उलटे पायही नाहीत. उलट्या पायांचं भूत मला आजवर कुणी दाखवलेलं नाही. अंकुश मात्र माझ्या चांगला ओळखीचा. त्याच्या लग्नात मी भात वाढायला होतो. जिल्हा फुटून गोंदिया वेगळा झाला, त्यालाही दहा-अकरा वर्षं झाली होती तेव्हाची ही गोष्ट. भाऊबीज होऊन चौथी रात्र, कार्तिकातली षष्ठी. म्हणजे चंद्र कोरभर, आणि तोही मध्यरात्रीच्या आत बुडणारा. ज्याला शंका असेल त्यानं पंचांग उघडून पाहावं आणि मग माझ्याशी वाद घालावा.

आता अंकुशचा अवतार ऐका. नाटक होतं कंपनी सरकारच्या काळातलं, आणि त्यात तो झाला होता गोरा शिपाई. वडशाच्या ड्रेसवाल्याकडून आणलेला लाल कोट, छातीवर पांढरे पट्टे, गुडघ्यापर्यंत बूट, तळाला खिळे ठोकलेले. खांद्यावर गावच्या सुतारानं बनवलेली लाकडी बंदूक. कोट मागून ढिला होत होता म्हणून मेकअपवाल्यानं त्याला अंगावरच टाके घातले होते. त्या कोटाला खिसाही नव्हता, म्हणून मोबाइल राहिला मेकअपवाल्याकडे. अशा थाटात साहेब मोटरसायकलवर बसून डिझेल आणायला निघाले.

नाटकातला एक प्रवेश लोकांना फार आवडला होता. एक शिपाई पहाऱ्यावर उभा. दुसरा बदलीला येतो. दोघं समोरासमोर थांबतात, टाचा आपटतात, बंदूक खांद्यावर चढवतात, आणि एकमेकांची जागा घेतात. मग पहिला ताडताड चालत निघून जातो. पहिला अंकुश, दुसरा त्याचा दोस्त धनीराम. पंधरा रात्री याची तालीम झाली ती अंकुशच्या आईच्या, दुर्गाबाईच्या अंगणात. पोट्टे टाचा आपटून तिचं सारवलेलं अंगण उकरत, आणि ती सुपातले तांदूळ निवडत त्यांना शिव्या घालत बसे. पण पाहायची सगळं.

अंकुश घरी पोचला तेव्हा ती एकटीच होती. त्याची बायको मोनिका आणि चार वर्षांची रीता नाटकाला गेलेल्या. त्यानं कॅन गाडीला बांधली. दुर्गाबाई दारात उभी राहून त्याच्याकडे पाहत होती.

"हा कोट काहाड आधी," ती म्हणाली.

"माय, टाके घातले हायेत. उसवला तं पुन्हा कोन शिवन?"

"मंग बंदूक तरी खांद्यावरून काहाड. कोन्या रस्त्यानं जाऊन राहिला?"

"डांबरी रस्त्यानं."

"पारीवरून नको जाजो, बाबू."

"नाई जात ना, माय. लहान पोट्टा हावो का मी?"

लेकरू कितीही मोठं झालं तरी आईला खोटं बोलताना त्याचे डोळे दुसरीकडे जातात. अंकुशचे गेले. डांबरी रस्ता फेरा घालून जाणारा. पारीवरून गेलं की अर्धी वाट वाचते.

पार म्हणजे आमच्याकडे तलावाचा बांध. केसलटोल्याच्या मोठ्या तलावाची पार लांबलचक आहे, एका अंगाला पाणी, दुसऱ्या अंगाला जंगल. मधोमध एक जुनं मोहाचं झाड आणि त्याच्या बुडाशी दगडांचा ढीग. या पारीला म्हणतात गोऱ्याची पार. जुनी माणसं सांगत, नागपूरकर भोसल्यांचं राज्य मोडत होतं तेव्हा गोऱ्यांची एक तुकडी जंगलातल्या गढ्या घ्यायला निघाली आणि या तलावाशी तिचा तळ पडला. गढी राहिली बाजूला, हिवतापानंच त्यांना गाठलं. रोज एक-दोन जण मातीत जाऊ लागले. मग एका रात्री हल्ल्याची आवई उठली आणि तळ अंधारात गुपचूप हलला. घाईत पारीवरच्या पहारेकऱ्याला सांगायचं राहून गेलं. तो उभाच. बदली येईल म्हणून उभा. सकाळी टोल्यातल्या बायांनी त्याला पेज नेऊन दिली. ती त्यानं प्याली, पण जागा सोडली नाही. गावात चल म्हणून हातानं खुणावलं, तरी नाही. अंगात ताप, डोळे जंगलाकडे. तिसऱ्या दिवशी तो तिथंच गेला, आणि लोकांनी त्याला तिथंच पुरला.

तेव्हापासून नवीन धान घरी आलं की आमच्या बाया त्या दगडांवर पेज ठेवतात. आणि अंधार पडल्यावर पारीवरून जाताना काठी खांद्यावर घ्यायची नाही, हातात लोंबती धरायची. पाय आपटायचे नाहीत. त्याला वाटायला नको, बदली आली. बहात्तरच्या सुमाराला मंगरू होमगार्ड खाकी घालून, खांद्यावर लाठी टाकून, बूट वाजवत पारीवरून निघाला होता. सकाळी तो मोहाला टेकून सापडला. उभा. डोळे उघडे. डॉक्टर म्हणाले हार्ट. असेल. पण हार्टनं मेलेला माणूस पडतो, लाठी खांद्यावर ठेवून उभा राहत नाही. जो पहारा घेतो, त्याला कुणी बदली दिली नाही तर त्याची सकाळ होत नाही, एवढं टोल्यातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक.

अंकुशलाही ठाऊक होतं. पण शेवटचा अंक, पेंडालात बसलेली हजार माणसं, वर चंद्रभानचं तोंड. घाईत माणूस देवाला विसरतो, भुताचं काय घेऊन बसलात. त्यानं गाडी पारीवर घातली.

चंद्र बुडाला होता. सानगडीकडून लाऊडस्पीकरवर पेटीचे सूर वाऱ्यावर येत होते, मधेच जात होते. मोहाच्या जरा अलीकडे गाडी खोकली. दोन आचके दिले आणि बंद पडली. उजेडही गेला. त्यानं चार किका मारल्या, आठ मारल्या. मग शिवी हासडून गाडी ढकलायला सुरुवात केली.

बुटाचे खिळे दगडावर वाजत होते. खट. खट. खट.

थोड्या वेळानं त्याच्या लक्षात आलं की आवाज जास्त येतोय. तो थांबला. समोरून पावलं येत होती. तशीच, खिळ्यांची. मोहाच्या काळोखातून एक उंच आकृती निघाली. छातीवर पांढरे पट्टे तेवढे अंधारात दिसत होते.

अंकुशला हसू आलं. धनीराम! उशीर झाला म्हणून चंद्रभाननं पाठवला असणार, आणि हा इथंही नाटक करतोय. अंकुशनं गाडी स्टँडवर लावली. आपणही कमी नाही, म्हणून ताठ झाला. आकृती समोर येऊन थांबली. टाच आपटली. अंकुशनंही आपटली. बंदूक खांद्यावर चढवली, झोकात, शिट्ट्या घेणाऱ्या झोकात. दोघांनी जागा बदलली. अंकुशची पाठ तलावाला आली, तोंड जंगलाला.

"बस झालं बे, धन्या," तो म्हणाला. "गाडीले हात लाव आता."



ओल्या लोकरीचा वास आला. भिजलेलं घोंगडं बरेच दिवस बांधून ठेवलं की येतो तसा.

आणि तेवढ्यात वारा फिरला. सानगडीकडून लाऊडस्पीकर स्वच्छ ऐकू आला. त्यावर धनीराम बोलत होता. त्याचं ते लांबलचक भाषण, दुसऱ्या अंकानंतरचं. लोक टाळ्या वाजवत होते.

धनीराम तिथं होता...

मग इथं...

पावलं लांब जात होती. टोल्याच्या दिशेनं. ताडताड नाही. थकलेली. घरी जाणाऱ्या माणसासारखी.

अंकुश पळायला पाय उचलू गेला. पाय उचलला गेला नाही. ओरडायला तोंड उघडू गेला. तोंड उघडलं नाही. मान वळेना. डोळे जंगलाकडे. फक्त जंगलाकडे.

पुढं जे झालं ते त्यानं मला एकदाच सांगितलं. त्याला मागं तंबू जाणवू लागले. दिसत नव्हते, पाठ फिरवता येत नव्हती. पण तंबू होते. कण्हणारी माणसं होती. तापानं फणफणलेली, आपल्याच वयाची, भाषा न कळणारी. ती झोपली होती ती आपल्या भरवशावर. आपण डोळा मिटला तर ती जातील. समोर झाडं. झाडामागं काय, ठाऊक नाही. पान हललं की छातीत धस्स. हे जंगल आपलं नाही, इथलं पाणी आपलं नाही, इथलं मरणही आपलं नाही... असं त्याला वाटत होतं. अंकुशला! जो त्याच जंगलात मोहफुलं वेचून मोठा झाला, त्याला.

मग हळूहळू मागचं कण्हणं थांबलं. एकेक तंबू गप्प झाला. आणि त्याला कळलं...

मागं कुणी नाही.

गेले सगळे.

कुणीही सांगितलं नाही.

अंगात थंडी भरली. मग ताप. रीताचा चेहरा आठवावा म्हणून त्यानं जीव तोडला. येईना. नाव आठवेना. फक्त एकच विचार राहिला. बदली येईल. सकाळी येईल...

तिकडे दुर्गाबाई अंगणातच उभी होती. लेकाच्या गाडीचा उजेड डांबरी रस्त्याला न लागता पारीवर चढलेला तिनं पाहिला. मोहाजवळ तो विझला. ती वाट पाहत राहिली. उजेड पुन्हा लागला नाही. तिनं चप्पल शोधण्यातही वेळ घालवला नाही. टॉर्च घेतला आणि अनवाणी निघाली.

अंकुशला टॉर्चचा उजेड तोंडावर जाणवला. एक म्हातारी काहीतरी बोलत होती. त्याला शब्द कळत नव्हते. ती त्याला हलवत होती, गालावर चापट्या मारत होती, रडत होती. मग ती त्याच्या कोटाची बटणं काढू लागली. मागचे टाके तिनं दातांनी तोडले. कोट आपल्या लुगड्यावर चढवला. चार पावलं मागं गेली, आणि पारीवरून चालत त्याच्यासमोर आली. ताठ. पंधरा रात्री पाहिलेलं तिनं एकही पाऊल चुकवलं नाही. थांबली. उघडी टाच दगडावर आपटली.

अंकुशची टाच आपोआप आपटली.

तिनं बंदुकीला हात घातला, आपल्या खांद्यावर घेतली, आणि त्याच्या जागेवर येऊन जंगलाकडे तोंड केलं.

तो कोसळला. कान उघडले, जीभ सुटली. "माय!"

"जाय," ती म्हणाली. मान वळली नाही. "मांगं पाहू नको."

"माय, तू सरक. मी उभा राहतो."

"तुले लेकरू हाये. माहं झालं सारं. उजेड होईस्तवर कोनाले पारीवर येऊ देऊ नको. जो येईन तो अडकन." मग आवाज बारीक झाला. "वाटेत तो भेटला मले. मी बाजू देल्ली त्याले. लहान होता रे... मिसरूडबी नोतं..."

 अंकुशनं खाली पडलेला टॉर्च उचलून उजेड तिच्या तोंडावर धरला. डोळे उघडे होते. त्याच्याकडे पाहत नव्हते.

तो पळाला. आता तुम्ही म्हणाल, आईला सोडून पळाला. म्हणा. पण त्याजागी उभं राहून म्हणा. टोल्यात येऊन त्यानं दारं बडवली, शेजारच्याच्या फोनवरून भावाला बोलावलं. चंद्रभान जीप घेऊन आला, चार-पाच माणसं आली, मीही होतो. नाटकाचं काय झालं ते आजही कुणी नीट सांगत नाही. आम्ही पारीच्या टोल्याकडच्या तोंडाशी उभे राहिलो. अंकुश सारखा पुढे धावत होता आणि चंद्रभान त्याला कवेत घट्ट धरत होता.

"सोड दादा! माय मरून राहिली तिथं!"

"मलेबी मायच हाये ते!" चंद्रभान म्हणाला आणि लहान पोरासारखा रडला. त्याला मी आधी कधी रडताना पाहिलं नव्हतं.

थंडी अशी की दात वाजावेत. धुकं पाण्यावरून पारीवर चढलं. मोह दिसेना. आम्ही हाका मारल्या. उत्तर आलं नाही. मग हाका मारायचीही भीती वाटू लागली.

पहाट व्हायला अजून अवकाश होता.

आणि मागून पावलं आली.

टोल्याकडून. आमच्या पाठीमागून. खट... खट... खट...

 कुणी वळलं नाही. कुत्री होती दोन, ती जीपखाली शिरली. पावलं जवळ आली. अगदी जवळ. चंद्रभानच्या आणि माझ्या मधून गेली. हातभर अंतर. काही दिसलं नाही. ओल्या लोकरीचा वास मात्र आला. तो मी आजही ओळखीन.

पावलं पारीवर चढली. घाईत होती. धुक्यात गेली. लांब... आणखी लांब...

थांबली.

एक टाच वाजली. खिळ्यांची.

मग दुसरी. उघडी. हलकी.

त्यानंतर काहीच नाही. कितीतरी वेळ, काहीच नाही.

तांबडं फुटलं तसा अंकुश भावाच्या हातातून सुटला. आम्ही त्याच्यामागं. दुर्गाबाई दगडांपासून जरा बाजूला, मोहाला पाठ लावून बसलेली होती. डोळे मिटलेले. अंकुशनं तिच्या नाकाशी हात नेला आणि मटकन खाली बसला. श्वास चालू होता. अंग बर्फ झालेलं, ओठ निळे, पण श्वास चालू होता. "आला होता," एवढंच ती म्हणाली आणि पुन्हा डोळे मिटले. पुढं ती नऊ वर्षं जगली. रीताला तिनंच मोठं केलं. पण त्या रात्रीबद्दल पुन्हा एक शब्द बोलली नाही, आणि आम्हीही विचारलं नाही.

तिला उचलताना बंदूक हातातून सुटेना. बोटं अशी आवळलेली की चंद्रभान आणि मी दोघांनी मिळून एकेक बोट उकललं तेव्हा ती सुटली. त्या हातांनी तिला रात्रभर दुसरं काही करता आलं नसणार, हे सांगायला डॉक्टर लागत नाही.

तिचे पाय आम्ही नंतर पाहिले. घरातून ती अनवाणी निघाली होती. त्या पायांना घोट्यापर्यंत जाड लोकरीच्या पट्ट्या गुंडाळलेल्या होत्या. विटक्या लाल, कडेनं फाडलेल्या, मातीनं काळ्या पडलेल्या. एकावर एक, नीट, जिथं खडा लागेल तिथं दुहेरी. अशी गाठ आमच्याकडे कुणी मारत नाही. ती मला सुटली नाही, विळ्यानं कापावी लागली. हात लावताच कापडाचा भुगा होऊ लागला.

तिचं सगळं अंग गार होतं. पट्ट्यांच्या आत पाय तेवढे गरम होते.